वाढीव मोबदल्याचा दावा उशिरा दाखल करताना: विलंब माफी कुठे मिळते, कुठे मिळत नाही आणि अर्ज कसा मांडावा

धरणात, कालव्यात, पाझर तलावात किंवा रस्त्यात जमीन गेलेल्या गावांत एक गोष्ट हमखास घडते. शेजारच्या गटाच्या मालकाला न्यायालयातून वाढीव मोबदला मिळतो आणि बांधापलीकडचा माणूस विचारू लागतो: जमीन एकाच अधिसूचनेनं गेली, माती तीच, विहिरीचं पाणी तेच, मग मला का नाही? कार्यालयात त्याला बहुतेक वेळा दोनच शब्दांचं उत्तर मिळतं, "मुदत गेली."

हे उत्तर ऐकून घरी परतलेली कितीतरी माणसं मला माहीत आहेत. त्यांतल्या काहींची मुदत गेलेलीच नव्हती. काहींची गेली होती, पण न्यायालयाला ती माफ करता आली असती. आणि काहींनी उलटी चूक केली: माफी मिळेल या भरवशावर वर्ष घालवलं आणि जिथं माफीचा अधिकारच नव्हता तिथं अर्ज टाकला. म्हणून "माझं कारण चांगलं आहे का" हा प्रश्न नंतरचा. पहिला प्रश्न असा, की माझा अर्ज ज्याच्या टेबलावर जाणार आहे त्याला उशीर माफ करण्याचा अधिकार कायद्यानं दिला आहे का, आणि दिला असेल तर किती दिवसांपर्यंत?

आधी कागद, मग वकील

वकिलाकडे जाण्यापूर्वी एका पिशवीत हे कागद जमवा: निवाड्याची (भूसंपादन अधिकाऱ्यानं मोबदला ठरवल्याच्या आदेशाची) प्रत, निवाड्याची नोटीस (मिळाली असेल तर पाकिटासकट), पैसे उचलल्याची पावती किंवा बँकेची नोंद, ताबा पावती, संपादनाच्या वेळचा सातबारा, आणि नंतरचे वारसाचे फेरफार. शेजाऱ्याला ज्या निकालानं वाढ मिळाली त्याची नक्कलही काढा. मोबदला कमी वाटला म्हणून न्यायालयाकडे पाठवलेल्या प्रकरणाला रेफरन्स म्हणतात, आणि भूसंपादनाच्या रेफरन्सला न्यायालयात 'एल.ए.आर.' (लँड अ‍ॅक्विझिशन रेफरन्स) नंबर असतो. तो नंबर आणि वर्ष माहीत असलं की नक्कल मिळणं सोपं होतं.

निवाडा उघडून दोन गोष्टी शोधा. पहिली, तो कुठल्या कायद्याखाली झाला. १८९४ चा जुना भूसंपादन कायदा, १ जानेवारी २०१४ पासून लागू झालेला २०१३ चा नवा कायदा, १९५६ चा राष्ट्रीय महामार्ग कायदा, की औद्योगिक वसाहतीसाठीचा १९६१ चा महाराष्ट्राचा कायदा? प्रत्येकाची मुदत वेगळी, माफीची तरतूदही वेगळी. दुसरी गोष्ट म्हणजे निवाड्याच्या दिवशी तुम्ही किंवा तुमचा वकील हजर असल्याची नोंद आहे का.

पैसे उचलताना 'हरकत राखून' असं लिहून सही केली होती का, तेही पाहा. हरकत न नोंदवता रक्कम स्वीकारली असेल तर दोन्ही भूसंपादन कायद्यांत वाढीव रकमेसाठी रेफरन्स मागण्याचा हक्कच अडचणीत येतो, आणि ती अडचण विलंब माफीनं सुटत नाही. ज्यांचे पैसे अजून उचलायचे आहेत त्यांनी हे वाक्य आजच वहीत लिहून ठेवावं: "रकमेच्या पुरेसेपणाबद्दल हरकत राखून स्वीकारली."

माफी देण्याचा अधिकार कुणाला?

गाडी इथंच चुकते, म्हणून सावकाश बघू.

जुन्या कायद्याचं कलम १८ सांगतं, की निवाड्याच्या वेळी हजर असाल तर निवाड्यापासून सहा आठवड्यांत जिल्हाधिकाऱ्याकडे अर्ज करून प्रकरण न्यायालयाकडे पाठवण्याची मागणी करा. हजर नसाल तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांतलं जे आधी संपेल ते. अर्ज जिल्हाधिकाऱ्याकडे असतो, आणि सर्वोच्च न्यायालयानं १९९६ मध्ये शाह मणिलाल चंदुलाल प्रकरणात स्पष्ट केलं, की जिल्हाधिकारी हे न्यायालय नव्हे, म्हणून पुरेसं कारण असल्यास न्यायालयाला उशीर माफ करू देणारं मुदत कायद्याचं कलम ५ तिथं लागू होत नाही. महाराष्ट्राच्या दुरुस्तीनं जिल्हाधिकाऱ्याच्या अशा आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयात पुनरीक्षण (रिव्हिजन) करता येतं, पण त्यामुळे जिल्हाधिकाऱ्याला माफीचा अधिकार येत नाही. थोडक्यात, कलम १८ च्या उशिराला 'विलंब माफी' नावाचा अर्ज उपयोगाचा नाही. तिथं मार्ग वेगळा आहे, तो पुढं सांगतो.

यात आणखी एक धोका आहे. जिल्हाधिकाऱ्यानं मुदतबाह्य अर्ज चुकून न्यायालयाकडे पाठवला तरी काम झालं असं समजू नका. अर्ज मुदतीत होता की नाही हे रेफरन्स चालवणारं दिवाणी न्यायालय स्वतः तपासू शकतं, असं सर्वोच्च न्यायालयानं १९७९ मध्ये महाराष्ट्रातल्याच मोहम्मद हसनुद्दीन प्रकरणात म्हटलं आहे. दहा वर्षं रेफरन्स चालवून शेवटी या मुद्द्यावर हरणं फार जिव्हारी लागतं.

नव्या कायद्यानं इथं मोठा बदल केला. कलम ६४ मध्ये मूळ मुदती जवळपास त्याच आहेत, पण पुरेसं कारण पटलं तर जिल्हाधिकारी पुढच्या एक वर्षापर्यंत अर्ज स्वीकारू शकतात. ते वर्ष उलटलं की त्यांचाही हात बांधलेला असतो. अर्ज मिळाल्यावर तीस दिवसांत तो प्राधिकरणाकडे (नव्या कायद्यात रेफरन्स ऐकणाऱ्या यंत्रणेकडे) पाठवायचा असतो. पाठवला नाही, तर तुम्ही स्वतः प्राधिकरणाकडे जाऊन तसा आदेश मागू शकता.

शेजाऱ्याच्या निकालावरून स्वतःला वाढ मागण्याची वाट जुन्या कायद्यात कलम २८-अ, नव्यात कलम ७३. ज्यांनी स्वतः रेफरन्स मागितला नव्हता, पण ज्यांची जमीन त्याच अधिसूचनेनं गेली होती, त्यांच्यासाठी ही तरतूद आहे. मुदत न्यायालयाच्या निवाड्यापासून तीन महिने. नकलेसाठी लागलेले दिवस त्यातून वगळले जातात. हे तीन महिने तुम्हाला निकाल कळल्यापासून नाही, तर निकाल लागल्याच्या तारखेपासून मोजतात. २००३ च्या मर्री वेंकय्या निकालानं ही गोष्ट पक्की केली. इथंही अर्ज जिल्हाधिकाऱ्याकडेच जातो, त्यामुळे कलम ५ ची माफी नाही. दिलासा एवढाच, की १९९५ च्या प्रदीप कुमारी निकालानुसार पहिल्याच निकालाला चिकटून राहावं लागत नाही. त्याच अधिसूचनेतल्या दुसऱ्या गटाचा रेफरन्स नंतर मंजूर झाला, तर त्या निकालापासूनही तीन महिने मिळतात. म्हणून गावातल्या प्रलंबित रेफरन्सची यादी करून त्यांच्या तारखांवर लक्ष ठेवणं हे तुमचं खरं काम आहे. एका गावातल्या तरुणांनी ही यादी ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लावायला सुरुवात केली होती. त्याहून चांगली युक्ती मला अजून सापडलेली नाही.

आता उच्च न्यायालय. रेफरन्स न्यायालयानं दिलेली वाढ कमी वाटली, तर जुन्या कायद्याच्या कलम ५४ खाली प्रथम अपील करता येतं. मुदत ९० दिवस. इथं मात्र मुदत कायद्याचं कलम ५ पूर्ण ताकदीनं लागू होतं. उशिराला वरची मर्यादा नाही. पुरेसं कारण पटवलं, की न्यायालय वर्षांचा उशीरही माफ करू शकतं. 'न्यायालयाचा विवेकाधिकार' म्हणतात तो खऱ्या अर्थानं इथला.

नव्या कायद्याच्या कलम ७४ खालच्या अपिलाला ६० दिवस आणि पुरेसं कारण असल्यास आणखी ६० दिवस असे शब्द आहेत. १२० दिवसांनंतर कलम ५ चा आधार घेता येतो का, यावर उच्च न्यायालयांत मतभेद झालेले आहेत. तुम्ही मात्र १२०वा दिवस हाच शेवटचा धरून चाला.

राष्ट्रीय महामार्गात जमीन गेली असेल तर वाद लवादाकडे जातो आणि लवादाच्या निवाड्याविरुद्ध जिल्हा न्यायालयात लवाद कायद्याच्या कलम ३४ खाली अर्ज करावा लागतो. तीन महिने, अधिक कारण दाखवून तीस दिवस. त्यापुढं एक दिवसही नाही. कायद्याचे शब्दच तसे आहेत आणि २००१ पासून सर्वोच्च न्यायालयानं ते तसेच वाचले आहेत. महामार्गाच्या कामात लोक याच कलमावर सर्वांत जास्त हरतात, कारण गावातल्या जुन्या अनुभवावरून त्यांना वाटतं की "कोर्ट माफ करतंच".

मुदत नक्की कुठून सुरू झाली?

कलम १८ चा दुसरा मार्ग म्हणालो तो हा. माफी मागायची नाही. मुदत अजून संपलेलीच नाही, हे दाखवायचं.

कायद्यात 'निवाड्याच्या तारखेपासून' असं लिहिलं आहे. पण कार्यालयात बसून अधिकाऱ्यानं सही केली आणि शेतकऱ्याला पत्ताच नाही, तर त्याच्या विरुद्ध घड्याळ कसं चालेल? सर्वोच्च न्यायालयानं १९६१ मध्ये राजा हरीशचंद्र राज सिंह प्रकरणात म्हटलं, की निवाड्याची तारीख म्हणजे तो संबंधिताला प्रत्यक्ष कळवला गेला, किंवा त्याला तो कळला असं मानता येईल ती तारीख. दोन वर्षांनी आलेल्या कैसर जहाँ बेगम निकालानं त्यात भर घातली: निवाडा झाला एवढं कळणं पुरेसं नाही, त्यातला महत्त्वाचा मजकूर कळायला हवा. किती क्षेत्र, कुठल्या दरानं, किती रक्कम.

२०१० च्या भगवान दास निकालात याचा व्यवहारी भाग आहे आणि तो मला सर्वांत मोलाचा वाटतो. नोटीस मिळाली नाही असं तुमचं म्हणणं असेल, तर अर्जातच स्पष्ट लिहा की निवाड्याचा मजकूर अमुक तारखेला अमुक प्रकारे कळला. तसं शपथेवर लिहिलं, की नोटीस बजावली होती किंवा तुम्हाला आधीच माहिती होती हे सिद्ध करण्याची जबाबदारी जिल्हाधिकाऱ्यावर येते. म्हणून माहिती अधिकारात नोटीस बजावणीचा अहवाल मागवा. त्यावर कुणाची सही आहे? मयत खातेदाराच्या नावावर नोटीस 'बजावली' असं दाखवलं आहे का? मुंबईला गिरणीत असलेल्या भावाची गावातल्या पत्त्यावर सही आहे का? अशा अहवालांतून प्रकरणं फिरलेली आहेत.

मात्र पैसे उचलल्याची तारीख विसरू नका. रक्कम हातात आली त्या दिवशी ती किती आहे हे तुम्हाला कळलंच. त्यानंतर दोन वर्षांनी "मजकूर माहीत नव्हता" म्हटलं, तर ते टिकणं अवघड आहे.

अपिलाचे दिवस मोजण्याची रीत

उशीर किती दिवसांचा, हा आकडा चुकला की सरकारी वकील पहिल्याच तारखेला तो पकडतात. म्हणून बोटांवर नको, कागदावर मोजा.

समजा, रेफरन्सचा निकाल १० जून २०१९ ला लागला. तो दिवस सोडून ९० दिवस मोजले, की ८ सप्टेंबर येतो. नकलेसाठी अर्ज २० जूनला केला आणि नक्कल १५ जुलैला तयार झाली, तर दोन्ही दिवस धरून २६ दिवस वगळले जातात. शेवटची तारीख झाली ४ ऑक्टोबर २०१९. अपील २ जानेवारी २०२० ला दाखल केलं असेल, तर उशीर बरोबर ९० दिवसांचा. नकलेच्या मागच्या शिक्क्यावर अर्जाची आणि तयार झाल्याची तारीख असते, ती वाचा. नक्कल तयार होऊन पडली होती आणि तुम्ही महिन्यानं नेली, तर तो महिना वगळत नाहीत. मुदत संपल्यावर नकलेचा अर्ज केला, तर काहीच वगळत नाहीत.

शेवटच्या दिवशी न्यायालय बंद असेल, तर उघडल्याच्या दिवशी दाखल करता येतं. चुकीच्या न्यायालयात प्रामाणिकपणे आणि नेटानं लढण्यात गेलेला काळही मुदत कायद्याच्या कलम १४ च्या तत्त्वावर वगळून मागता येतो. करोनाच्या काळासाठी सर्वोच्च न्यायालयानं १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीतून वगळला होता. पण वरच्या उदाहरणातल्यासारखी मुदत त्याआधीच संपली असेल, तर हा आदेश आपोआप मदतीला येत नाही. करोना तिथं फक्त कारणाचा एक भाग म्हणून सांगता येतो.

'पुरेसं कारण' न्यायालय कसं बघतं

१९८७ चा कातिजी निकाल प्रत्येक विलंब माफी अर्जात असतो. तो भूसंपादनाचाच आहे. अनंतनागला सार्वजनिक कामासाठी घेतलेल्या जमिनीचा मोबदला वाढला, आणि त्याविरुद्ध सरकारनं केलेलं अपील चार दिवस उशिरा होतं. सर्वोच्च न्यायालयानं ते माफ केलं आणि सांगितलं, की उशीर करून सहसा कुणाचा फायदा होत नाही, उलट उशीर करणारा स्वतःच धोका पत्करतो. प्रत्येक दिवसाचा हिशेब द्या याचा अर्थ पुस्तकी हट्ट धरणं नव्हे. एका बाजूला खरा न्याय आणि दुसऱ्या बाजूला तांत्रिक मुद्दा उभा राहिला, तर न्याय वरचढ.

१९९८ च्या एन. बालकृष्णन निकालानं पुढचं पाऊल टाकलं: उशीर किती लांब, यापेक्षा खुलासा किती विश्वसनीय हे महत्त्वाचं. तिथं ८८३ दिवस माफ झाले होते. मग २०१४ च्या सुमारास जमीन गेलेल्या शेतकऱ्यांच्या बाजूनं धीरज सिंह, इम्रत लाल असे निकाल आले. एकाच अधिसूचनेतल्या इतरांना वाढ मिळाली असताना केवळ उशिरापायी काहींना वंचित ठेवू नये, फार तर उशिराच्या काळाचं व्याज नाकारावं, असा तो विचार.

इतकंच वाचून कुणी निर्धास्त झालं असेल, तर त्यानं २०२४ चा पथापती सुब्बा रेड्डी निकाल वाचायलाच हवा. तोही भूसंपादनाचा. उशीर ५,६५९ दिवसांचा, म्हणजे पंधरा वर्षांहून जास्त. सर्वोच्च न्यायालयानं माफी नाकारली. इतरांना वाढ मिळाली म्हणून उशिराचं कारण न पटताही तुम्हाला मिळेल असं नाही, हे तिथं स्वच्छ शब्दांत आहे. वारसांनी इतक्या वर्षांत काहीच हालचाल का केली नाही, याचं उत्तर त्यांच्याकडे नव्हतं.

या दोन प्रवाहांत विरोध आहे, आणि तो लपवून अर्ज लिहू नये. माझं मत असं, की समानतेचा मुद्दा आजही वजनदार आहे, पण तो एकट्यानं ओझं ओढत नाही. आधी उशिराचा प्रामाणिक, तारीखवार खुलासा हवा. समानता त्याच्या पाठीशी उभी करायची.

शपथपत्र लिहिताना

विलंब माफी अर्जात सर्वांत जास्त वेळा दिसणारं वाक्य आहे: "अर्जदार गरीब व अशिक्षित शेतकरी असून त्यास कायद्याचे ज्ञान नव्हते." ते खरं असतं, म्हणूनच मला वाईट वाटतं. कारण हेच वाक्य शेकडो अर्जांत वाचून न्यायाधीशांच्या डोळ्यांना ते दिसेनासं झालेलं असतं. तुमची गरिबी कुठल्या महिन्यात, कुठल्या रूपात आड आली, ते सांगा. कोर्ट फीचे पैसे नव्हते? मग त्या वर्षी पीक गेल्याचा पंचनामा, सोसायटीचं थकलेलं कर्ज, मुलीच्या दवाखान्याची बिलं जोडा.

वकिलाशी बोलण्याआधी घरच्या सगळ्यांनी एकत्र बसून कालपट तयार करा. डाव्या बाजूला तारीख, मधे घटना, उजवीकडे पुरावा. निकाल लागला तेव्हा रेफरन्स कोण बघत होतं? ते वारले असतील तर कधी, मृत्यूचा दाखला कुठं, वारसाची नोंद कधी झाली? त्यांनी इतरांना प्रकरणाची माहिती दिली होती का? ऊसतोडीला कुठल्या कारखान्यावर, कुठल्या महिन्यांत गेला होतात? निकाल कुणाकडून कळला: शेजाऱ्याकडून, दरखास्तीच्या (निकालाच्या अंमलबजावणीसाठीच्या अर्जाच्या) नोटिशीतून, की बँकेत पैसे आल्यावर?

या पटात एक तारीख कणा असते, ती म्हणजे निकाल कळल्याची तारीख. त्याआधीच्या काळाला न्यायालय बऱ्यापैकी सहानुभूतीनं बघतं. कळल्यानंतरचे दिवस मात्र चिमटीत धरून तपासतं. पाच वर्षं कळलंच नाही हे पटू शकतं. कळल्यानंतर आठ महिने गप्प बसलात हे पटणं कठीण. म्हणून कळलं त्याच आठवड्यात नकलेचा अर्ज करा. तुमची तळमळ खरी असल्याचा तो सरकारी शिक्क्याचा पुरावा ठरतो.

मजकूर साधारण असा असावा (तारखा उदाहरणादाखल):

"अर्जदार क्र. १ चे वडील हे रेफरन्सचे काम पाहत होते. ते दि. १४.०३.२०१९ रोजी मयत झाले. मृत्यूचा दाखला सोबत जोडला आहे. अर्जदार त्या काळात नोकरीनिमित्त गावाबाहेर होते व रेफरन्सचा निकाल दि. १०.०६.२०१९ रोजी झाल्याचे त्यांना माहीत नव्हते. दि. ०२.०९.२०२१ रोजी गट क्र. … चे मालक यांचेकडून निकालाबाबत प्रथम समजले. अर्जदारांनी दि. ०६.०९.२०२१ रोजी नकलेसाठी अर्ज केला. नक्कल दि. २७.०९.२०२१ रोजी मिळाली. अपील दि. ११.१०.२०२१ रोजी दाखल केले आहे. विलंब हेतुपुरस्सर नाही."

विशेषणं नाहीत, हळहळ नाही, तरी माणूस दिसतो. उच्च न्यायालयात हे इंग्रजीत जाईल. तुम्ही मराठीत नीट दिलंत तर वकील त्याचं चांगलं इंग्रजी करतील. सही करण्याआधी मराठीत वाचून घेण्याचा हट्ट धरा.

दोष वकिलावर टाकायचा असेल तर जपून. वकिलानं कळवलं नाही हे कारण मान्य होऊ शकतं, पण न्यायालय विचारतं, की तुम्ही चौकशीला कधी गेलात? पाठवलेली पत्रं, फोनवरचे संदेश, फीची पावती असेल तरच हा मुद्दा घ्या. आणि खोटा वैद्यकीय दाखला कधीही जोडू नका. एक कागद खोटा निघाला की बाकीच्या खऱ्या कागदांवरचाही विश्वास उडतो, आणि खोट्या शपथपत्राची कारवाई वेगळी.

व्याज सोडण्याची तयारी

अर्जाच्या शेवटी स्वतःहून लिहा: "विलंब माफ झाल्यास विलंबाच्या काळातील व्याजावर अर्जदार हक्क सांगणार नाहीत." हे वाक्य अनेकदा तराजू झुकवतं, कारण तुमच्या उशिराचा भुर्दंड सरकारी तिजोरीवर पडणार नाही अशी हमी न्यायालयाला मिळते.

त्याची किंमत किती, ते आधी समजून घ्या. जुन्या कायद्याच्या कलम २८ खाली वाढीव रकमेवर ताब्यापासून पहिलं वर्ष ९ टक्के आणि नंतर १५ टक्के व्याज असतं. अपिलात १० लाख वाढले आणि उशीर चार वर्षांचा असेल, तर साधारण ६ लाखांवर पाणी सोडावं लागेल. आकडा मोठा आहे. पण हातात राहणारे १० लाख, त्यावर लागू होणारी ३० टक्के दिलासा रक्कम (सोलेशियम) आणि उरलेल्या काळाचं व्याज हे नकारापेक्षा कितीतरी बरं. घरातल्या सगळ्या वारसांना हा हिशेब आधी दाखवा, म्हणजे नंतर भावाभावांत वाद होत नाहीत.

सरकारच उशिरा आलं तर

तुम्हाला वाढ मिळाली आणि सरकारनं दोन वर्षांनी अपील केलं, असंही होतं. नोटीस आल्यावर गप्प बसू नका. विलंब माफीला लेखी उत्तर द्या. फाइल या टेबलावरून त्या टेबलावर फिरत होती हा खुलासा आता सहज चालत नाही. सरकारलाही मुदत कायदा इतरांसारखाच लागू आहे, असं २०१२ च्या लिव्हिंग मीडिया निकालात म्हटलं आहे. सप्टेंबर २०२५ मध्ये तर सर्वोच्च न्यायालयानं कर्नाटक गृहनिर्माण मंडळाला मिळालेली ३,९६६ दिवसांची माफी रद्द केली. माफी मिळालीच, तर वाढीव रक्कम न्यायालयात जमा करायला लावा आणि त्यातला काही भाग काढू देण्याची मागणी त्याच दिवशी करा.

नकार आला तर, आणि आणखी काही वाटा

कलम १८ चा अर्ज जिल्हाधिकाऱ्यानं फेटाळला, तर उच्च न्यायालयात ९० दिवसांत पुनरीक्षण. उच्च न्यायालयानं विलंब माफी नाकारली, तर सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिका, तीही ९० दिवसांत. आधीच उशीर झालेल्या माणसानं इथं पुन्हा उशीर केला, तर काही सांगायला जागा उरत नाही. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गच्या लोकांना उच्च न्यायालयासाठी आता मुंबई गाठावी लागत नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच आहे.

वकिलाची फी परवडत नसेल, तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींच्या आणि अपंग व्यक्तींना तिथं उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. जमीन आईच्या किंवा बहिणीच्या नावावर असेल, तर हा हक्क त्यांचा आहे आणि त्यांनी तो नक्की वापरावा.

रक्कम कमी आहे अशी तक्रार नसून ती चुकीच्या माणसाला जातेय किंवा हिस्सा चुकला असं म्हणणं असेल, तर त्यासाठी कलम १८ हा एकच मार्ग नाही. जुन्या कायद्यात त्यासाठी कलम ३० ही आहे आणि त्याला सहा आठवड्यांची मुदत नाही. रेफरन्स 'अर्जदार गैरहजर' म्हणून निकाली काढला असेल, तर २००२ चा खजान सिंह निकाल वकिलाला दाखवा: भूसंपादनाचा रेफरन्स गैरहजेरीत फेटाळता येत नाही, न्यायालयाला मोबदला ठरवावाच लागतो.

आणि ज्यांना वाढ मंजूर झाली पण पैसे मिळाले नाहीत त्यांच्यासाठी: निवाडा हुकूमनाम्यासारखा असतो, त्याची दरखास्त बारा वर्षांत दाखल करावी लागते. दरखास्तीला कलम ५ ची माफी नाही. निकालाच्या प्रतीवर पेन्सिलीनं ती बारा वर्षांनंतरची तारीख आजच लिहून ठेवा.